बंद खोलीतलं 'नाही'

मोठ्या पदावरच्या माणसाबद्दल आपल्याकडे एक प्रश्न ठरलेला असतो. "त्याला पटत नव्हतं, तर मग राजीनामा का नाही फेकला तोंडावर?" २०१६ च्या नोटाबंदीनंतर रिझर्व्ह बँकेबद्दल हा प्रश्न मी इतक्या वेळा ऐकलाय की मोजणं सोडून दिलं. आमच्या नात्यात बँकवाले पुष्कळ. कुठल्याही लग्नाच्या पंगतीत मठ्ठ्यापर्यंत गाडी आली की हा विषय निघतोच. एक बाजू म्हणते, गव्हर्नरला कणा नव्हता. दुसरी म्हणते, सरकारने सांगितल्यावर तो बिचारा काय करणार?

मला या दोन्ही बाजू अर्धवट वाटतात. का, ते सांगायला मला एका माणसाची गोष्ट सांगावी लागेल. ती थोडी लांब आहे, पण वाचाच.

या माणसाचं नाव इंद्रप्रसाद गोरधनभाई पटेल, म्हणजे आय. जी. पटेल. १९७७ च्या डिसेंबरपासून १९८२ च्या सप्टेंबरपर्यंत ते रिझर्व्ह बँकेचे गव्हर्नर होते. त्या काळातल्या नोटांवर त्यांची सही आहे, म्हणजे आमच्या आधीच्या पिढीने त्यांचं नाव रोज खिशात बाळगलं. पण आज दहा जणांना विचारलं तर नऊ जण "कोण पटेल? उर्जित का?" असं विचारतील. तो दोष विचारणाऱ्यांचा नाही. पटेलांचं सगळं काम होतंच पडद्यामागचं.

१९२४ सालचा जन्म, बडोद्याचा. शिक्षण आधी बडोद्यात, मग केंब्रिजच्या किंग्ज कॉलेजात. परत येऊन बडोद्यातच थोडं शिकवलं आणि मग आंतरराष्ट्रीय नाणेनिधीत गेले. १९५४ साली अर्थखात्यात उपआर्थिक सल्लागार म्हणून दिल्लीला आले. तेव्हा अर्थमंत्री कोण होते? आपले चिंतामणराव देशमुख. (हे नाव लक्षात ठेवा, पुढे पुन्हा येणार आहे.) त्यानंतर मुख्य आर्थिक सल्लागार, मग आर्थिक व्यवहार खात्याचे सचिव, मग पाच वर्षं न्यूयॉर्कला संयुक्त राष्ट्रांच्या विकास कार्यक्रमात, आणि तिथून रिझर्व्ह बँक. पुढे अहमदाबादच्या आयआयएमचे संचालक, आणि १९८४ ते १९९० लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्सचे संचालक. त्या खुर्चीवर बसलेले ते पहिले भारतीय. १९९१ साली पद्मविभूषण. २००५ साली ते गेले.

ही झाली पदांची यादी. अशी यादी कोणाचीही असते, आणि माणूस त्यात सापडत नाही. माणूस सापडतो तो दोन-तीन प्रसंगांत.

पहिला प्रसंग जुलै १९६९ चा. इंदिरा गांधींनी मोरारजींकडून अर्थखातं काढून स्वतःकडे घेतलं होतं. तीन दिवसांत चौदा बँकांचं राष्ट्रीयीकरण झालं. आर्थिक व्यवहार खातं तेव्हा पटेल सांभाळत होते. त्यांनी पुढे आठवणींत लिहिलंय की पंतप्रधानांनी त्यांना बोलावलं, बँकिंग तुमच्याकडेच आहे ना म्हणून विचारलं, आणि सांगितलं की राजकीय कारणांसाठी बँका ताब्यात घ्यायचं ठरलंय. चोवीस तासांत कायद्याचा मसुदा, मंत्रिमंडळासाठी टिपण आणि रेडिओवरचं भाषण तयार करायचं, आणि बाहेर कुठे कुणकुण लागता कामा नये.

आता यात सल्लागाराला सल्ला विचारलेलाच नाही! निर्णय झालेला होता. पटेलांनी तिथे तत्त्वाची चर्चा काढली नाही. त्यांनी दोन सूचना केल्या. परदेशी बँका यातून वगळा, आणि छोट्या बँकांच्या मागे लागू नका, मोठ्या तेवढ्या घ्या. दोन्ही मान्य झाल्या. म्हणूनच ५० कोटींच्या वर ठेवी असलेल्या चौदाच बँका सरकारकडे आल्या.

हे वाचल्यावर पहिल्यांदा मी जरा खट्टू झालो. एवढा मोठा अर्थतज्ज्ञ, आणि म्हणाला काय, तर एवढंच? पण मग विचार केला. राजीनामा दिला असता तर पंतप्रधानांनी दुसऱ्या दिवशी दुसरा सचिव बसवला असता. बँका तर गेल्या असत्याच, वर परदेशी बँकांचं लफडं गळ्यात पडलं असतं. ज्याच्या हातात मसुदा असतो त्याच्या हातात सत्ता असते. ती छोटी असते आणि कोणाला दिसत नाही, पण असते.

तरी एक किल्मिष राहतंच. ते शेवटी सांगतो.

दुसरा प्रसंग जानेवारी १९७८ चा. आता मोरारजी पंतप्रधान, एच. एम. पटेल अर्थमंत्री, आणि आय. जी. पटेल गव्हर्नर होऊन जेमतेम दीड महिना झालेला. सरकारने ठरवलं की हजार, पाच हजार आणि दहा हजारांच्या नोटा रद्द करायच्या. १६ जानेवारीला वटहुकूम निघाला, सकाळी रेडिओवर बातमी आली आणि दुसऱ्या दिवशी बँका बंद.

आमचे एक काका त्या वेळी एका बँकेत कॅशियर होते. ते सांगतात की त्यांच्या शाखेत फार काही झालंच नाही, कारण हजाराची नोट पाहिलेलं गिऱ्हाईकच त्या गावात नव्हतं. त्यांचा स्वतःचा पगार दोन वेळा जोडला तरी त्या नोटेला पुरला नसता. त्यामुळे १९७८ ची नोटाबंदी सामान्य माणसाच्या आठवणीतच नाही, ती फक्त श्रीमंतांची भानगड होती.

पण अर्थमंत्र्यांनी हे गव्हर्नरांच्या कानावर घातलं तेव्हा पटेल काय म्हणाले, ते महत्त्वाचं आहे. ते म्हणाले, अशा उपायातून फारसं काही हाती लागत नाही. काळा पैसा मिळवणारे लोक तो रोख स्वरूपात फार काळ ठेवत नाहीत. तो बॅगांमध्ये आणि उशांच्या अभ्र्यांत कोंबून ठेवलेला असतो, ही समजूत भाबडी आहे. आणि ज्यांच्याकडे थोडाफार असेल त्यांना तो दुसऱ्याच्या नावाने बदलून घेता येतो. गावातल्या कुठल्याही व्यापाऱ्याला विचारलं असतं तर त्यानेही हेच सांगितलं असतं. फरक एवढाच की पटेल हे देशाच्या अर्थमंत्र्याच्या तोंडावर म्हणाले, तेही ज्या पंतप्रधानांना ही कल्पना मनापासून आवडली होती त्यांच्या राज्यात.

ऐकलं का? नाही. निर्णय राबवला गेला आणि रिझर्व्ह बँकेने तो रीतसर राबवला. सुमारे १४६ कोटींच्या नोटा बाद झाल्या, त्यांतल्या सुमारे १२५ कोटींच्या परत आल्या. म्हणजे काम भरपूर झालं आणि हाती फारसं लागलं नाही. पटेलांनी स्वतःचा हिशेब पुढे साधारण असाच मांडला.

आता देशमुखांकडे येतो. १९७८ ची नोटाबंदी पहिली नव्हती. पहिली झाली १२ जानेवारी १९४६ ला, इंग्रजांच्या राज्यात. तेव्हा पाचशे, हजार आणि दहा हजारांच्या नोटा रद्द झाल्या. गव्हर्नर होते सी. डी. देशमुख, या पदावरचे पहिले भारतीय. महाडजवळच्या नाते गावचा माणूस. रिझर्व्ह बँकेने स्वतःचा जो इतिहास छापलाय त्यात स्वच्छ लिहिलंय की बँकेला या योजनेचा उत्साह नव्हता. देशमुखांचा हिशेब सरळ होता. यातून करचुकव्यांकडून पुरेसा कर वसूल होणार नसेल तर एवढी उलथापालथ कशाला? झालं काय? सुमारे १४४ कोटींच्या नोटांपैकी जवळजवळ १३५ कोटींच्या बदलून नेल्या गेल्या. उरल्या नऊ कोटींच्या.

आणि १९५४ साली हजार, पाच हजार, दहा हजारांच्या नोटा पुन्हा चलनात आल्या. तेव्हा अर्थमंत्री देशमुखच. त्याच वर्षी त्यांच्या खात्यात तिशीचे आय. जी. पटेल रुजू झाले. चोवीस वर्षांनी त्याच नोटा बाद करायचं काम पटेलांच्या वाट्याला आलं. नियती वगैरे शब्द मी सहसा वापरत नाही, पण हा योगायोग मजेशीर आहे खरा.

तिसरी नोटाबंदी आपण सगळ्यांनी भोगली. ८ नोव्हेंबर २०१६. या वेळी पाचशेची नोट भाजीवाल्याच्या गल्ल्यातही होती, त्यामुळे रांगेत आपण उभे राहिलो. रघुराम राजन यांनी २०१७ मध्ये लिहिलं की गव्हर्नर असताना फेब्रुवारी २०१६ मध्ये त्यांना तोंडी मत विचारलं गेलं होतं. त्यांनी सांगितलं की लांबचा फायदा झालाच तरी लगेचचं नुकसान त्याहून जास्त होऊ शकेल, आणि तेच साधायचे दुसरे मार्ग आहेत. सप्टेंबरमध्ये त्यांची मुदत संपली. नोव्हेंबरमध्ये निर्णय झाला तेव्हा उर्जित पटेल गव्हर्नर होते. त्या संध्याकाळच्या रिझर्व्ह बँकेच्या संचालक मंडळाच्या बैठकीचं इतिवृत्त पुढे बाहेर आलं. त्यात नोंद आहे की काळा पैसा बहुतेक रोखीत नसतो, जमीनजुमला आणि सोन्यात असतो. एवढी नोंद करून मंडळाने प्रस्तावाला संमती दिली! बाद झालेल्या १५.४१ लाख कोटींपैकी १५.३१ लाख कोटी परत आले, असं रिझर्व्ह बँकेच्याच २०१८ च्या अहवालात आहे.

म्हणजे बघा. १९४६, १९७८, २०१६. सत्तर वर्षांत तीनदा तोच प्रस्ताव आला आणि तिन्ही वेळा रिझर्व्ह बँकेतल्या जाणत्या माणसांनी जवळजवळ तेच उत्तर दिलं. तिन्ही वेळा ते बाजूला ठेवलं गेलं, आणि निकालही दर वेळी साधारण तोच लागला.

माझं म्हणणं इथून सुरू होतं. आपण विचारतो की त्यांनी राजीनामा का दिला नाही. खरं तर विचारायला हवं की त्यांचं 'नाही' आपल्यापर्यंत वेळेवर का पोचलं नाही. १९७८ चं 'नाही' पटेलांनी पुस्तकात लिहिलं ते २००२ साली, म्हणजे चोवीस वर्षांनी. राजन यांचं 'नाही' रांगा संपल्यावर कळलं. संचालक मंडळाची नोंद बाहेर आली तीही नंतरच, माहितीच्या अधिकाराची खटपट झाल्यावर. देशमुखांचं 'नाही' जाड इतिहासग्रंथाच्या सातशेच्या पुढच्या पानावर पडून राहिलं. उत्तर तिजोरीत ठेवायचं आणि प्रश्न दर तीस वर्षांनी नव्याने विचारायचा, असा हा कारभार.

राजीनाम्याबद्दल आपल्या मनात जरा जास्तच भक्ती आहे. त्याला कारण पुन्हा चिंतामणरावच. १९५६ साली मुंबईच्या प्रश्नावर त्यांनी मंत्रिपद सोडलं, ते मराठी माणसाच्या काळजावर कोरलं गेलंय, आणि योग्यच आहे. पण तिथे ते कुलाब्याचे निवडून आलेले खासदार होते. त्यांना जाब विचारणारे मतदार होते, आणि संसदेत उभं राहून कारण सांगायचा हक्क होता. अधिकाऱ्याला यातलं काहीच नसतं. आणि १९४६ साली, गव्हर्नर असताना, त्याच देशमुखांनी नाराजी सांगून काम पार पाडलंच होतं ना? माणूस तोच, खुर्ची वेगळी, म्हणून धर्म वेगळा.

गव्हर्नरांनी राजीनामे दिलेलेही आहेत. १९५७ च्या जानेवारीत बेनेगल रामा राव यांनी अर्थमंत्री टी. टी. कृष्णम्माचारींशी खटका उडाल्यावर पद सोडलं. पंडित नेहरूंनी मंत्र्यांचीच बाजू घेतली, आणि रिझर्व्ह बँक ही सरकारच्या धोरणाच्या चौकटीतच राहील, हे उलट जास्त पक्कं झालं. २०१८ च्या डिसेंबरमध्ये उर्जित पटेलांनी वैयक्तिक कारण देऊन राजीनामा दिला. त्यातून आपल्याला काय कळलं? ज्याने त्याने आपापल्या सोयीचा अर्थ काढला. न बोललेला राजीनामा हा न लिहिलेल्या पत्रासारखा असतो.

म्हणून मी आय. जी. पटेलांच्या बाजूचा आहे. स्पष्ट सांगायचं, मग ठरलं तसं चोख करायचं, आणि नंतर सगळं लिहून ठेवायचं. या तिन्ही गोष्टी करणारी माणसं फार थोडी असतात. बहुतेक जण पहिली गाळतात आणि दुसरीत हुशारी दाखवतात. काही जण पहिली आणि दुसरी करतात, पण निवृत्तीनंतर "कशाला उगाच" म्हणून गप्प बसतात. पटेलांनी ते पुस्तक लिहिलं नसतं तर १९६९ ची ती भेट आणि १९७८ चं ते बोलणं त्यांच्याबरोबर गेलं असतं.

एक 'नाही' त्यांनी स्वतःसाठीही म्हटलं. १९९१ साली देश दिवाळखोरीच्या उंबरठ्यावर असताना नरसिंह रावांनी अर्थमंत्रिपदासाठी आधी पटेलांना विचारलं होतं, असं त्या काळातल्या बऱ्याच जाणकारांनी लिहिलंय. पटेल तयार झाले नाहीत. मग निरोप गेला मनमोहन सिंगांना, म्हणजे रिझर्व्ह बँकेत जे त्यांच्यानंतर गव्हर्नर झाले त्यांनाच. पुढचं सगळ्यांना माहीत आहे. इतिहासात नाव कोरायची एवढी मोठी संधी सोडून एक माणूस बडोद्यात शांतपणे राहतो, हे मला त्यांच्या सगळ्या पदांपेक्षा जास्त बोलकं वाटतं.

आता ते किल्मिष. चुकीचा निर्णय व्यवस्थित राबवणारा हुशार माणूस त्या निर्णयाला अब्रू मिळवून देतो. लोक म्हणतात, "पटेलांसारखा माणूस आहे ना तिथे, मग ठीकच असेल." बंद खोलीत तो 'नाही' म्हणालाय, हे लोकांना माहीतच नसतं. त्याची विद्वत्ता उसनी घेतली जाते आणि त्याची शंका आत ठेवली जाते. १९७८ साली याने फारसं बिघडलं नाही, कारण हजाराची नोट होती कोणाकडे? २०१६ साली बिघडलं. म्हणून नुसत्या चांगल्या माणसांवर विसंबून चालणार नाही, रीत बदलायला हवी.

आणि ती बदलता येते, याचा दाखला घरातच आहे. २०१६ पासूनच व्याजदर ठरवायला रिझर्व्ह बँकेची सहा जणांची पतधोरण समिती आहे. बैठकीनंतर चौदाव्या दिवशी तिचं इतिवृत्त प्रसिद्ध करायचं, असा कायदा आहे. कोणी कसं मत दिलं आणि का, ते नावानिशी छापलं जातं. यामुळे आभाळ कोसळलेलं नाही. उलट समितीतला मतभेद वाचून बाजाराला अंदाज येतो. मग नोटा रद्द करण्यासारख्या निर्णयात हेच का नको? आधी गुप्तता लागते, कबूल. पण निर्णय जाहीर झाल्यावर महिन्याभरात रिझर्व्ह बँकेचं मत, जसं दिलं तसं, संसदेपुढे यावं. मत बाजूला ठेवायचा हक्क सरकारला जरूर असावा, शेवटी निवडून तेच आलेलं असतं. ते लपवायचा हक्क नसावा.

सर्वोच्च न्यायालयाने २ जानेवारी २०२३ ला नोटाबंदी चार विरुद्ध एक मताने वैध ठरवली. एकट्या न्यायमूर्ती नागरत्ना यांनी वेगळं मत लिहिलं. रिझर्व्ह बँकेने स्वतंत्र विचार केलेला दिसत नाही, असा त्यांचा रोख होता. ते मत हरलं. पण ते निकालपत्राबरोबरच छापलं गेलं, आणि उद्या कायद्याचा कुठलाही विद्यार्थी ते वाचणार. न्यायाधीशाचं हरलेलं मत त्याच दिवशी लोकांना वाचायला मिळतं आणि गव्हर्नरचं हरलेलं मत चोवीस वर्षांनी, तेही त्याला पुस्तक लिहावंसं वाटलं तर. हा फरक मला पटत नाही.

आमच्या घरातली दोन पोरं सध्या अर्थशास्त्र शिकतायत आणि एकीला रिझर्व्ह बँकेची परीक्षा द्यायची आहे. मोठी माणसं तिला सांगतात की तिथे जाऊन काय करणार, शेवटी ऐकायचं दिल्लीचंच. मी तिला सांगेन, जरूर जा. तुझं दहातलं एखादंच ऐकलं जाईल, पण परदेशी बँका वाचल्या त्या अशाच एका ऐकलेल्या सूचनेने. उरलेल्या नऊ वेळा स्पष्ट बोल, तारीख घालून टिपण कर, आणि निवृत्त झाल्यावर "कशाला उगाच" म्हणू नकोस. चौथ्यांदा तोच प्रस्ताव येईल तेव्हा कोणीतरी ते टिपण शोधत असेल.